समांतर विश्वांच्या प्रवासाची प्राचीन पोथी कशी रचावी

समांतर विश्वांमध्ये ये-जा करणाऱ्यांसाठी कुणीतरी शेकडो वर्षांपूर्वी लिहून ठेवलेली पोथी. कल्पित कथा लिहिणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाला कधी ना कधी अशी पोथी आपल्या कथेत आणावीशी वाटते. मलाही वाटली. मी तिची चाळीसेक पानं लिहून काढली आणि ती वाचताना मलाच कंटाळा आला. विश्वं किती, दारं कुठे, मंत्र कोणते, सगळं त्या पोथीला ठाऊक होतं. नायकाला हवी ती माहिती हव्या त्या पानावर मिळत होती. अशी पोथी म्हणजे लेखकाने नायकाच्या हाती ठेवलेली किल्ली असते, आणि वाचकाला ते लगेच कळतं.

नंतर मी हस्तलिखितं कशी तयार होतात, कशी टिकतात, कशी बिघडतात याचं मिळेल ते वाचत गेलो आणि पोथी नव्याने रचली. पोथी काय सांगते हे वाचक नंतर पाहतो. तिला किती हात लागलेत हे त्याला आधी जाणवतं. खालच्या सगळ्या पायऱ्या त्याभोवतीच आहेत. उदाहरण म्हणून माझीच काल्पनिक पोथी घेतो. तिला मी 'सांधपोथी' म्हणतो, कारण तिच्या लेखकाच्या मते दोन जगं जिथे एकमेकांना चिकटलेली असतात तिथे सांधा असतो, दार नसतं.

आधी लिहिणारा ठरवा

पोथीचा मजकूर सुरू करण्याआधी एका कागदावर तीन गोष्टी लिहा: लिहिणारा स्वतः पलीकडे गेला होता का, परत आला का, आणि तो कुणासाठी लिहितोय. स्वतः न गेलेला माणूस भव्य लिहितो, तर जाऊन आलेला बारीकसारीक गोष्टी सांगतो. पलीकडच्या जगाचं वर्णन त्याच्या लिखाणात कमीच असतं. पायात काय घालावं, कुणाशी बोलू नये, तहान लागली तर काय करावं, यावर तो अडकतो. शिष्यासाठी लिहिणारा गाळून लिहितो, कारण उरलेलं तो तोंडी सांगणार असतो. मुलीसाठी लिहिणारा घाबरून लिहितो.

सांधपोथीचा लेखक आपल्या धाकट्या भावासाठी लिहितो. भाऊ जाणारच आहे, त्याला थांबवता येणार नाही, हे त्याला माहीत आहे. इतकं ठरल्यावर पहिल्या पानाचा सूर आपोआप सापडला.

प्रवासाचा एकच नियम

इथे बहुतेकांचा हात सैल सुटतो. आरसे, स्वप्नं, ग्रहणं, गुहा असं सगळं एकाच पोथीत कोंबलं जातं. एकच मार्ग निवडा, आणि तो असा निवडा की साध्या डोळ्यांनी तपासता येईल. माझ्या पोथीतला उतारा असा आहे:

"स्थिर पाणी पाहावे. वारा नसावा. हात हलवावा. पाण्यातला हात मागाहून हले, तर तेथे सांधा. एकदम हले, तर नुसते पाणी."

या पाच वाक्यांत चमत्काराचा शब्द एकही नाही, पण वाचणारा पुढच्या वेळी साचलेल्या पाण्यापाशी हात हलवून बघणार. नियमाला एक चाचणी जोडलेली असली की तो नियम वाचकाचाही होतो. आपला नियम कागदावर मांडल्यावर स्वतःला विचारा: हा खोटा ठरण्याची सोय पोथीतच आहे का? "एकदम हले, तर नुसते पाणी" हे वाक्य काढलं तर उतारा लंगडा पडतो.

किंमत, आणि ती पानावर दिसली पाहिजे

प्रवासाला किंमत हवी हे सगळेच सांगतात. पण ती किंमत पोथीत नुसती सांगितलेली असेल तर पुरत नाही. ती पोथीच्या अंगावर दिसायला हवी.

सांधपोथीत प्रत्येक खेपेला प्रवाशाचा एक शब्द जातो. ती वस्तू आठवते, दिसते, तिच्यासाठीचा शब्द मात्र येत नाही. आता लेखकाची पंचाईत पाहा. त्याला घरी परतण्याबद्दल लिहायचं आहे आणि नेमका 'उंबरठा' हा शब्द गेलेला आहे. म्हणून तो लिहितो, "दाराच्या तळचे आडवे लाकूड, जे ओलांडून आत येतात." दहा पानांत हे सहा वेळा येतं. एकदा तो तिथे जागाच कोरी सोडतो. पहिल्यांदा वाचताना ही शैली वाटते. तिसऱ्यांदा वाचकाच्या लक्षात येतं की या माणसाने घरी येण्याची वाट दाखवणारा शब्दच गमावला आहे, आणि त्याने ते आपल्याला कुठेही सांगितलेलं नाही.

तुमच्या पोथीत किंमत वेगळी असेल. स्मृती जात असेल तर मजकुरात पुनरुक्ती येऊ द्या. वय जात असेल तर अक्षर थरथरू द्या. काळाचा हिशेब बिघडत असेल तर पानांचे क्रमांक चुकू द्या. पण एकच काहीतरी घ्या आणि ते पहिल्या पानापासून शेवटपर्यंत पाळा.

परतीची खूण

माझ्या मते समांतर विश्वांच्या कोणत्याही पोथीचं काळीज हेच. जाणं सोपं असतं. खरा प्रश्न असा की आपण परतलो ते आपल्याच जगात, की जवळजवळ तशाच दुसऱ्या जगात? ज्या पोथीला हा प्रश्न पडलेला नाही, ती लिहिणारा कधी गेलाच नव्हता असं मी समजतो.

खूण शोधताना मला हिशेबाच्या काठ्यांचा उपयोग झाला. इंग्लंडच्या सरकारी खजिन्यात शतकानुशतकं देण्याघेण्याचा हिशेब लाकडी काठ्यांवर होत असे. काठीवर रकमेच्या खाचा पाडायच्या, मग ती उभी चिरायची आणि एक भाग देणाऱ्याने, एक घेणाऱ्याने ठेवायचा. दोन्ही भाग एकत्र आणले की खाचा आणि लाकडाची रेघ जुळली पाहिजे, त्यामुळे एकट्याला खाच वाढवता येत नसे. ही पद्धत 1826 पर्यंत चालली. 1834 मध्ये साठलेल्या जुन्या काठ्या भट्टीत जाळताना आग पसरली आणि लंडनच्या वेस्टमिन्स्टरमधली संसदेची जुनी इमारत जवळजवळ सगळी भस्मसात झाली.

सांधपोथीचा प्रवासी निघण्याआधी अशीच एक काठी चिरतो, अर्धी घरी ठेवतो, अर्धी कमरेला बांधतो. लाकूड नेमकं कुठून चिरेल हे कुणाच्या हातात नसतं, म्हणून दुसऱ्या जगातल्या आपल्यासारख्याच माणसाने त्याच दिवशी काठी चिरली असली तरी चीर वेगळी जाईल. इथपर्यंत खूण पक्की वाटते. पण अगदी शेजारच्या जगात, जिथे कालपर्यंत सगळं तसंच घडत आलं आहे, तिथे चीरही तशीच गेली असेल तर? पोथी म्हणते:

"काठी जुळवावी. जुळली तरी आत जाऊ नये. आतल्यास आपुले नाव विचारावे. तो सांगण्याआधी थांबला, तर आपणही दाराच्या तळच्या आडव्या लाकडाबाहेरच थांबावे."

का थांबावं, हे पोथी सांगत नाही. मीही कथेत सांगितलेलं नाही. खूण ठरवताना असंच करा: आधी एक चांगली, पटणारी खूण शोधा, मग ती नेमकी कुठे फसते ते शोधा, आणि तिथे पोथीला बोलायला लावा.

काळाचे शब्द

'समांतर विश्व', 'मिती', 'ऊर्जा', 'कंपनं' हे शब्द जुन्या पोथीत आले की ती तिथेच कोसळते. ह्यू एव्हरेट या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञाने 1957 मध्ये पुंजयामिकीचा (क्वांटम मेकॅनिक्सचा) असा अर्थ मांडला की मोजमापाच्या प्रत्येक शक्यतेची एक स्वतंत्र शाखा पुढे चालू राहते. अनेक विश्वांची आजची बरीचशी भाषा तिथून आली आहे. आणि त्या मांडणीत एका शाखेतून दुसरीत जाण्याची सोय नाही. तुमच्या कथेत आजचा एखादा भौतिकशास्त्रज्ञ असेल तर त्याने ही अडचण मोकळेपणाने सांगावी. त्याने पोथीला विज्ञानाचा दाखला देऊ नये.

जुन्या माणसांना अनेक जगांची कल्पना नव्हती असं मात्र समजू नका. ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्युरस इसवी सनापूर्वी तिसऱ्या-चौथ्या शतकात म्हणत होता की अणू अगणित आहेत म्हणून जगंही अगणित आहेत, काही आपल्या जगासारखी, काही वेगळी. 1277 मध्ये पॅरिसच्या बिशपने 219 विधानांवर बंदी घातली, त्यांत "आदिकारणाला अनेक जगं निर्माण करता येणार नाहीत" हेही एक विधान होतं. म्हणजे त्यानंतर तिथल्या पंडितांना, देवाने मनात आणलं तर दुसरी जगंही असू शकतात, हे मान्य करून वाद घालावा लागला. तुमची पोथी ज्या काळातली आहे, त्या काळात हा विचार कुणाला पटणारा होता, कुणाला धोक्याचा वाटत होता, हे पाहून घ्या. लेखक उघड लिहील की आडून लिहील, ते त्यावर ठरतं.

शब्द घरातले घ्या. सांधा, काठ, शेजार, चीर, वीण, पाझर. माझा लेखक पलीकडच्या जगाला फक्त "शेजार" म्हणतो.

पोथीचं शरीर

पोथी कशावर लिहिली आहे ते आधी ठरवा, कारण बाकीचं बरंच त्यावरून ठरतं. दक्षिणेत ताडपत्रावर लोखंडी कंटकाने, म्हणजे टोकदार लेखणीने, अक्षर कोरत आणि मग त्यात काजळी भरत. पान अरुंद आणि लांब, मध्ये किंवा दोन बाजूंना दोऱ्यासाठी भोक. भूर्जपत्र पापुद्र्यांचं असतं, वाळलं की मोडतं. चर्मपत्र चिवट, आणि महाग म्हणून खरवडून पुन्हा वापरलं जाई. आर्किमिडीज या ग्रीक गणितज्ञाच्या ग्रंथांची दहाव्या शतकातली एक नक्कल अशीच खरवडून तेराव्या शतकात तिच्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या. खालचा मजकूर 1906 मध्ये हायबर्ग या अभ्यासकाने ओळखला. एका मजकुराखाली दुसरा मजकूर दडलेला असणं ही समांतर विश्वांच्या कथेला आयती मिळालेली गोष्ट आहे.

शाईकडे दुर्लक्ष करू नका. काजळीची शाई शेकडो वर्षं काळीच राहते. झाडावरच्या गाठी आणि लोहाचं क्षार वापरून केलेली शाई लिहिताना फिकी असते, हवेत काळी होते, पुढे तपकिरी पडते आणि कधीकधी कागदच खाते. ताडपत्रावर तपकिरी अक्षरं दाखवली की जाणता वाचक तिथेच थांबतो.

उष्ण, दमट हवेत ताडपत्र काही शतकांपलीकडे सहसा टिकत नाही. म्हणून तिथली पोथी दोन हजार वर्षांपूर्वीची असली तरी हातातली प्रत त्या वयाची असणार नाही. ती नकलेची नक्कल असेल. मला ही अडचण वाटायची. आता तीच या कामातली सगळ्यात मोठी सोय वाटते.

लेखनिकांचे हात

मूळ मजकूर तयार झाला की तो बाजूला ठेवा आणि स्वतः लेखनिक होऊन त्याची नक्कल करा. खरोखर हाताने, घाईत, थकलेले असताना. मी तीन वेगवेगळ्या संध्याकाळी तीन नकला केल्या. दुसऱ्या नकलेत दोन ओळी "नसावा" या एकाच शब्दाने संपत होत्या. माझी नजर पहिलीवरून थेट दुसरीवर घसरली आणि दुसरी ओळ गळाली. खऱ्या हस्तलिखितांतही हे सतत होतं. पहिली ओळ होती, "वारा नसावा." गळालेली होती, "सोबत कुणी नसावा." माझ्या कथेत दुसऱ्या प्रतीवर विश्वास ठेवणारे दोघं मिळून जातात, ते या गळालेल्या ओळीमुळेच.

गळालेलं अक्षर समासात लिहून ओळीत काकपदाची, म्हणजे कावळ्याच्या पायासारखी, खूण करायची रीत होती. चुकलेल्या अक्षरावर हरताळ, म्हणजे एका पिवळ्या खनिजाचा रंग, फासत. आपण आज एखाद्याच्या कामावर "हरताळ फासला" म्हणतो तो शब्द तिथूनच आलेला. माझ्या पोथीत एका ठिकाणी हरताळाचा थर झडला आहे आणि खालचं अक्षर वाचता येतं. लेखनिकाने काय दाबायचा प्रयत्न केला ते तिथे कळतं. असं एकच ठिकाण ठेवा. दोन ठेवली की ते कोडं होतं.

आता कोऱ्या जागेकडे या. मूळ लेखकाने 'उंबरठा' आठवेना म्हणून जागा सोडली होती. पहिल्या लेखनिकाला ती चूक वाटली आणि त्याने तिथे "पायरी" भरली. दुसऱ्याने "उंबरठा" भरला. तिसऱ्याने जागा तशीच ठेवली. तीन प्रती, तीन पाठ. अभ्यासक याला पाठभेद म्हणतील आणि कोणता पाठ मूळ यावर भांडतील. कथेतल्या एखाद्याच्या मनात मात्र हळूच येऊ द्या की या तीन प्रती एकाच जगातल्या नसतील.

अजून एक बारकावा, मला फार आवडणारा. ताडपत्रात दोऱ्यासाठी मध्ये जागा सोडत. पुढे कागद आला, दोऱ्याची गरज संपली, तरी कित्येक कागदी पोथ्यांत मधली ती जागा कोरी सोडलेली दिसते, नुसत्या सवयीने. सांधपोथीच्या प्रत्येक पानाच्या मधोमध असा एक कोरा गोल आहे. सगळ्यांना तो दोऱ्याचा अवशेष वाटतो. मूळ प्रतीत तो स्थिर पाण्याचा आकार होता. लेखनिक त्याचा अर्थ न कळता पिढ्यानपिढ्या तो कोरा ठेवत आले. तुमच्या पोथीसाठीही अशी एक गोष्ट शोधा, जी सगळ्यांनी इमानाने उतरवली आणि कुणालाच कळली नाही.

एक पान खरोखर करून पाहा

पूर्ण पोथी करू नका, एकच पान करा. जाड कागद कडक चहाच्या पाण्यात बुडवून सपाट वाळवा आणि लिहा त्यानंतर. आधी लिहून मग भिजवलं तर शाई पसरते. कडा जाळू नका. आगीत सापडली असेल तरच पोथी जळते, नाहीतर तिच्या कडा बोटांनी मळतात, तेही पान उलटण्याच्या कोपऱ्यात जास्त. कसर लागल्याची भोकं दाखवायची तर चारपाच पानं एकावर एक ठेवून गरम सुईने टोचा. किडा पानं पोखरत जातो, त्यामुळे भोक लागोपाठच्या पानांवर त्याच जागी किंवा किंचित सरकलेलं दिसतं. माझ्या पानावर एक भोक नेमकं "शेजार" शब्दातल्या 'शे'वर पडलं. आता तिथे नुसतं "जार" वाचता येतं. ते मी ठरवून केलेलं नव्हतं, पण कथेत तसंच ठेवलं आहे.

वय मोजणारा माणूस

आजच्या काळातली कथा असेल तर कुणीतरी पोथीचं वय तपासणारच. कार्बन-14 या किरणोत्सारी कार्बनचं अर्धायुष्य, म्हणजे तो निम्मा उरायला लागणारा काळ, सुमारे 5730 वर्षं. या पद्धतीने चर्मपत्राचा प्राणी किंवा कागदाची वनस्पती कधी मेली ते कळतं. अक्षरं कधी लिहिली ते कळत नाही. अनोळखी लिपीतलं व्हॉयनिच हस्तलिखित आजही कुणाला वाचता आलेलं नाही, पण त्याचं चर्मपत्र 1404 ते 1438 या काळातलं निघालं.

यात एक फट आहे आणि ती या विषयासाठीच बनल्यासारखी आहे. 1950 आणि 60 च्या दशकांतल्या अणुचाचण्यांमुळे हवेतला कार्बन-14 जवळजवळ दुप्पट झाला होता, त्यामुळे त्या काळात वाढलेल्या वनस्पतींत तो नेहमीपेक्षा जास्त सापडतो. समजा, तुमच्या पोथीचं एकच पान तपासलं आणि त्यात आपल्या जगात कधीच नव्हता इतका कार्बन-14 निघाला. अक्षर जुनं, शाई जुनी, आणि पान मात्र अशा जगात उगवलेलं, जिथे चाचण्या थांबल्याच नाहीत. प्रयोगशाळेतली व्यक्ती याला बहुधा नमुना दूषित झाल्याचं लक्षण म्हणेल आणि तिचं म्हणणं रास्तच असेल. तिला मूर्ख ठरवू नका.

कथेत किती दाखवायचं

एकूण मजकुराच्या दहाव्या हिश्शाहून कमी. पण उरलेलं लिहिलेलं असलं पाहिजे, कारण पात्रं त्याचा उल्लेख करतात तेव्हा लेखकाला ठाऊक असणं वाक्यांत उतरतं. उतारे छोटे ठेवा आणि प्रत्येक उतारा कुणाच्या तरी हातात असताना दाखवा.

शेवटचं पान

पोथीच्या शेवटी लेखनिकाची पुष्पिका असते: कुणी लिहिलं, कधी संपवलं, कुणासाठी. जुन्या पोथ्यांत एक श्लोक वारंवार भेटतो: "यादृशं पुस्तकं दृष्टं तादृशं लिखितं मया । यदि शुद्धमशुद्धं वा मम दोषो न दीयते ॥" जसं पुस्तक पाहिलं तसं मी लिहिलं, शुद्ध असो की अशुद्ध, दोष माझा नाही. पाठीत कळ घेऊन बसलेल्या माणसाची ही साधी विनवणी आहे. पण आपल्या विषयात "जसं पाहिलं" हे शब्द वेगळेच वाजतात.

पुष्पिका सगळ्यात शेवटी लिहा, पोथीच्या बाकी सगळ्या गोष्टी पक्क्या झाल्यावर. सांधपोथीच्या "पायरी" म्हणणाऱ्या आणि "उंबरठा" म्हणणाऱ्या अशा दोन प्रती माझ्या कथेत शेजारी शेजारी ठेवल्या जातात. दोन्हींच्या शेवटी एकाच लेखनिकाचं नाव आहे, तिथी एकच आहे, प्रहरही एकच. आणि दोन्हींमध्ये अक्षर त्याचंच आहे.